सुट्या भागांसाठी घेतलेली गाडी

पन्नाशी उलटेपर्यंत माझ्या मामाने गाडी घेतली नाही, कारण त्याला चांगली गाडी घ्यायची होती.

मामा कवळ्या बनवायचा. डॉक्टर पेशंटच्या तोंडाचा साचा काढून आत पाठवायचे आणि दवाखान्यामागच्या अरुंद खोलीत मामा त्यावर काम करायचा. त्या खोलीत भिंतभर फळ्या होत्या आणि फळ्यांवर अर्ध्या गावाचे जबडे प्लास्टरमध्ये मांडून ठेवलेले होते. रस्त्यात कुणी भेटलं की मामा आधी त्याच्या तोंडाकडे बघायचा. नाव आठवलं नाही तरी जबडा आठवायचाच. "खालचा जरा आत गेलेला आहे," तो मला कानात सांगायचा, "पण माणूस सज्जन." कवळी बसवल्यावर पेशंटला दोन दिवस ती तोंडात असल्याचंही कळू नये, अशी त्याची कामाबद्दलची कल्पना होती. आणि ज्या माणसाला केसाएवढा फरक बोटाने कळतो त्याला गाडी घेताना कोण फसवणार, अशी गाडीबद्दलची.

म्हणून त्याने बघितलेल्या गाड्या एकामागून एक नापास होत गेल्या. एकीचं दार बंद होताना आवाज बरोबर नव्हता. एकीच्या सीटवर चहाचा डाग होता. "आज चहा सांडलाय, उद्या काय सांडतील?" मामा म्हणाला. ज्याची गाडी तो माणूस ती विकून मोकळा होणार होता, हे मामीने लक्षात आणून दिलं, पण मामाच्या मते मुद्दा वेगळा होता. तो कोणता, हे त्याने सांगितलं नाही.

शेवटी पोस्टातून निवृत्त झालेल्या एका गृहस्थांकडे त्याला हवी तशी गाडी सापडली. छोटी, रुपेरी, मागचं दार वर उघडणारी. बरीच जुनी होती आणि कंपनीने ते मॉडेल काढणं केव्हाच बंद केलं होतं, पण कापड बाजूला केल्यावर ती कालच कारखान्यातून आल्यासारखी दिसली. मामाने खिशातून दात बघायचा गोल आरसा काढला आणि उकिडवं बसून गाडीचं पोट तपासलं. कुठे गंज नाही, कुठे चिखल नाही.

"पावसात एकदाही काढली नाही," गृहस्थ अभिमानाने म्हणाले. "उन्हातही सहसा नाही."

"मग काढायचात कधी?" मामीने विचारलं.

मामाने तिच्याकडे अशा नजरेने पाहिलं की तिने पुढचा प्रश्न गिळला. गृहस्थ मात्र रागावले नाहीत. "महिन्यातून एकदा सुरू करायचो," ते म्हणाले, "आणि लगेच बंद."

मामाला माणूस सापडला होता. त्याने घासाघीससुद्धा केली नाही.

पहिल्याच मोठ्या प्रवासाला मामा-मामी आमच्याकडे यायला निघाले. आईने दुपारपासून दाराकडे डोळे लावले होते. संध्याकाळी ते बसमधून उतरले. मामाच्या हातात गाडीचा आरसा पुसायचं फडकं होतं. ते तो खिशात ठेवायलाही विसरला होता. गाडी निम्म्या वाटेवर वाफ सोडून थांबली होती आणि ज्या गॅरेजपर्यंत ती ओढून नेली तिथल्या माणसाने बॉनेट उघडून नुसतं "बघतो" म्हटलं होतं.

या गॅरेजवाल्याला सगळे 'बघतो' याच नावाने ओळखत. काहीही विचारा, तो तेवढंच म्हणायचा आणि बऱ्याचदा खरोखर तेवढंच करायचा. पण या वेळी त्याने एक पूर्ण वाक्य उच्चारलं. "साहेब, गाडी बसून बसून खराब झालीय."

"म्हणजे वापरली नाही म्हणून?"

"रबर सुकलंय, पाइप तडकलेत, टाकीत गंज आहे. गाडीला धावायला लागतं."

मामाने हे ऐकून घेतलं आणि बघतो अडाणी आहे असं ठरवलं. गॅरेज मात्र बदललं नाही. दुसऱ्या कुणी त्या मॉडेलला हात लावायला तयारच नव्हतं.

त्यानंतर मामाने त्या गाडीला तळहातावरच्या फोडासारखं जपायला सुरुवात केली. कवळीला चकाकी आणायची बारीक पावडर तो घरी आणायचा आणि दिव्यांच्या काचा घासायचा. गाडीत खायचं नाही, प्यायचं नाही, खिडकीला डोकं टेकायचं नाही. पायाखाली वर्तमानपत्र. मामी त्या गाडीत दवाखान्यात नंबर लावून बसल्यासारखी बसायची, पर्स मांडीवर आणि हात पर्सवर. तिला गच्चीवर झाडं लावायचा भारी नाद होता. एकदा तिने बहिणीसाठी एक छोटी कुंडी बरोबर घेतली, तर मामाने ती तीन पिशव्यांत घातली आणि वाटेत दोनदा गाडी थांबवून पिशव्या तपासल्या.

गाडी शिकायची इच्छाही तिने बोलून दाखवली होती. मामा तिला मोकळ्या मैदानावर घेऊन गेला. तिने पहिला गिअर टाकला, खरखर आवाज झाला आणि मामाने डोळे मिटून घेतले. दुसऱ्या आवाजाला तो म्हणाला, "आज एवढं पुरे." आजचं ते एवढं पुढे कधी वाढलं नाही.

एवढं करूनही गाडी बिघडायची ती बिघडायचीच. एक पाइप बदलला की शेजारचा रुसायचा. आणि भाग मिळायचे बंद झाले होते. खिडकीची काच वर करायचं हँडल तुटलं तेव्हा मामाने ते कवळीच्या मटेरियलमध्ये स्वतः बनवलं. हुबेहूब झालं, फक्त रंग हिरडीचा होता.

तेव्हा बघतोनेच सुचवलं. "तशीच एक भंगारातली घ्या. उभी करून ठेवा. लागेल तो भाग काढायचा, इला लावायचा."

मामाला ही कल्पना पटली. घरं रंगवणाऱ्या एका ठेकेदाराकडे तेच मॉडेल होतं. लाल, म्हणजे एके काळी लाल असावी. एक दार निळं, कारण मूळचं कुठेतरी ठोकलं गेलं होतं. सीटवर रंगाचे शिंतोडे, आत टर्पेंटाइनचा वास, आणि डिकीचं झाकण उघडं राहावं म्हणून आधाराला एक काठी. ठेकेदाराने ती इतकी राबवली होती की विकताना त्यालाच लाज वाटत होती. मामाने या वेळी आरसा काढला नाही, नाकाला रुमाल लावला.

गाडी ओढून आणायला दोर नेला होता. बघतोने सहज किल्ली फिरवली आणि गाडी सुरू झाली.

"चालू आहे?" मामा म्हणाला. आवाजात फसवणूक झाल्याचा सूर होता.

"बघतो," म्हणून बघतो तिच्यात बसला आणि घरापर्यंत चालवत आला. मामा मागून रुपेरी गाडीत येत होता. वाटेत एका चढावर रुपेरी गाडी बंद पडली, आणि नेलेला दोर वाया गेला नाही.

लाल गाडी मागच्या अंगणात भिंतीला लागून उभी राहिली. मामाने खडूने तिच्यावर खुणा केल्या: हे दिवे, ही मोटर, हा पंप. फळीवरच्या जबड्यांसारखीच तीही आता सामानात जमा झाली होती. मामीने दोन दिवस तिच्याभोवती फेऱ्या मारल्या आणि तिसऱ्या दिवशी चहा देताना विचारलं, "अहो, ती मोडायचीच आहे ना?"

"तेवढ्यासाठीच आणलीय."

"मग मोडेपर्यंत मी तिच्यावर शिकू का?"

नाही म्हणायला मामाला कारण सापडेना. उलट उभं राहून भाग आखडू नयेत म्हणून ती अधूनमधून फिरवलेली बरी, असं त्याने स्वतःलाच पटवलं.

आणि मग एक चमत्कार घडला. मामासारखा शांत शिक्षक मी आजवर पाहिलेला नाही. मी एकदा मागच्या सीटवर बसले होते. मामीने क्लच असा सोडला की आम्ही तिघं एकदम पुढे वाकलो. "छान," मामा म्हणाला. "पुन्हा." गिअर खरखरला. "खरखरू दे, आपल्याला तो गिअरबॉक्स नकोच आहे." फाटकातून आत येताना तिने खांबाला बंपर घासला. मामीचा चेहरा पडला. मामा उतरला, बंपर बघितला आणि अगदी मनापासून म्हणाला, "बंपर आपल्याला लागणारच नाहीये. ठोक हवा तितका."

लग्नानंतर इतक्या वर्षांत नवऱ्याकडून अशी मोकळीक मिळालेली बाई भराभर शिकली. परीक्षाही पहिल्या झटक्यात पास झाली. परीक्षा घेणाऱ्याने निळ्या दाराकडे बोट दाखवून काहीतरी विचारलं म्हणे, तर मामी म्हणाली, "दार मी नाही चालवत, स्टिअरिंग चालवते."

पास झाल्याच्या दुसऱ्या दिवशी तिने लाल गाडीची मागची सीट पाडली आणि डिकीत कुंड्या भरल्या. सुरुवात मामाच्याच दवाखान्यातून झाली. पेशंट बसतात त्या खोलीत एक सुकलेलं झाड होतं, त्याच्या जागी तिने जिवंत ठेवलं आणि आठवड्यातून एकदा पाणी घालायला येईन म्हणून सांगितलं. डॉक्टरांना बरं वाटलं. त्यांच्याकडे दात दाखवायला आलेल्या वकिलांनी आपल्या ऑफिसात चार मागवली. वकिलांचं बघून चष्मेवाल्याने, चष्मेवाल्याचं बघून एका हॉस्पिटलने. वर्षभरात मामी सकाळी मातीची पोती, पाण्याचे कॅन आणि झारी टाकून निघायची ती दुपारी परत यायची. गाडीत चिखल असायचा, पालापाचोळा असायचा, एकदा तर सीटखाली मोड आलेलं बी सापडलं. तेल बघायची आठवण तिला लाल दिवा लागल्यावर व्हायची. गाडी काही कुरकुर न करता धावत होती.

मामा दर रविवारी रुपेरी गाडीखाली असायचा. पुसून, घासून, बोल्ट आवळून. ती धावत नव्हती.

मग तिच्या वायपरची मोटर गेली. मामा पाना घेऊन मागच्या अंगणात आला. मी तेव्हा सुट्टीला तिथे होते आणि मामी डिकीत कुंड्या लावत होती.

"जरा बाजूला हो," मामा म्हणाला. "मोटर काढायचीय."

"कुठली?"

"वायपरची. खूण केलीय बघ."

"खूण मी कधीच धुतली," मामी म्हणाली. "आणि मोटर मिळणार नाही. मला पावसात जावं लागतं."

मामा पाना हातात घेऊन उभाच राहिला. "अगं, ही गाडी आणली कशासाठी होती?"

"आणली होती कशासाठीही. आता ती माझी आहे."

"कागदावर नाव माझं आहे."

"मग कागद घेऊन जा," मामी म्हणाली आणि डिकीला काठी लावली. "त्याला चाकं लावा आणि चालवा."

मामा आत गेला. पुढचे काही दिवस घरात फक्त मीठ आणि टीव्हीच्या आवाजापुरतं बोलणं झालं. मला एकटीला गाठून तो म्हणाला, "तुझी मामी सुट्या भागांवर जाऊन बसलीय." मी हसले, तेही त्याला आवडलं नाही. त्याच्या बाजूने त्याचं खरंच होतं. त्याने कुणाचं काही घेतलं नव्हतं. नीट विचार करून, नीट बघून, सगळं नियमाप्रमाणे केलं होतं, आणि कौतुक मात्र एका न धुतलेल्या गाडीचं चाललं होतं.

बघतोला त्याने तिसरी गाडी शोधायला सांगितलं. बघतोने बघितली, पण ते मॉडेल आता भंगारातही उरलं नव्हतं. रुपेरी गाडी ओट्यालगत उभी राहिली आणि हळूहळू मामाची खोली झाली. दवाखान्यातून आला की तो तिच्यात बसून पेपर वाचायचा, रेडिओ ऐकायचा. कुणी विचारलं तर सांगायचा, "गाडी वापरात आहे." मी गेले की मला शेजारी बसवून गप्पा मारायचा. चहा मात्र आम्ही दार उघडून, पाय बाहेर सोडून, कप बाहेर धरून प्यायचो.

असं दीडएक वर्ष गेलं असेल. एका नव्या इमारतीत तीन मजल्यांची झाडं लावायचं काम मामीला मिळालं. तिच्यासाठी ते फार मोठं होतं. अंगणात पाय ठेवायला जागा उरली नव्हती, इतक्या कुंड्या तयार होत्या. आणि नेमक्या त्या आठवड्यात लाल गाडीने मान टाकली. बघतोने फ्युएल पंप काढून हातात दिला. "मेला," तो म्हणाला. 'बघतो' म्हणालाच नाही, यावरून काय ते सगळ्यांना कळलं.

पंप कुठे आहे हेही सगळ्यांना माहीत होतं. रुपेरी गाडीत नवाकोरा होता. मामाने तो कुठून कुठून मागवून बसवला होता, आणि त्यानंतर गाडी फाटकाबाहेरही गेली नव्हती.

मामीने मागितला नाही. टेम्पोवाल्यांना फोन लावत बसली. कुणाला वेळ नव्हता, कुणी कुंड्या म्हटल्यावर फुटल्याची जबाबदारी घेत नव्हता. मामा तिने मागायची वाट बघत पेपर वाचत बसला. पेपर उलटा नव्हता, पण पानही उलटत नव्हतं. मी तेव्हा तिथेच होते. आई फोनवर मला म्हणाली, "दोघांनाही समज नाही." मी म्हटलं, "दोघांनाही आहे, पण सांगणार कोण?"

दुसऱ्या दिवशी मामा दवाखान्यात गेलाच नाही. त्याने रुपेरी गाडीची मागची सीट काढली, तिच्याखालचा पंप काढला, कोरड्या फडक्याने पुसला आणि लाल गाडीपाशी आला. आत बघून त्याने तोंड वाकडं केलं. आधी झाडू आणला. मग पंप बसवायच्या जागेभोवतीचं सगळं असं स्वच्छ केलं की त्या गाडीत तेवढाच एक चौकोन निराळा दिसायला लागला. बघतोला त्याने हात लावू दिला नाही. पंप बसला, गाडी सुरू झाली.

मामी दारात उभी होती. "मला मागता आला असता," ती म्हणाली.

"मग मागितला का नाहीस?"

"तुम्ही दिला असता म्हणून."

याचा अर्थ मामाला तेव्हा कळला नाही, मला तर अजूनही पुरता कळलेला नाही. पण त्याने विचारलं नाही. "कुंड्या किती आहेत?" एवढंच म्हणाला, आणि दिवसभर तिच्याबरोबर तीन मजले चढत-उतरत राहिला.

एकदा पंप लाल गाडीत गेल्यावर बाकीच्या भागांना वेळ लागला नाही. मामीची पाठ दुखते म्हणून रुपेरी गाडीची पुढची सीट लाल गाडीत गेली. मग दिवे. मग बॉनेट, कारण लाल बॉनेट भर रस्त्यात उडून काचेवर आलं. निळ्या दाराची बिजागरी गंजली तेव्हा तिथे रुपेरी दार आलं. दर वेळी मामा म्हणायचा, "एवढंच. आता पुढे काही मागू नकोस." आणि मामी खरंच मागायची नाही, मामाच बघायचा. फक्त एक गोष्ट त्याने सोडली नाही. रविवारी तो लाल गाडीपाशी फडकं घेऊन बसायचा आणि आपले भाग तेवढे धुवायचा. बॉनेट चमकायचं, एक दार चमकायचं, बाकी गाडीवर आठवड्याची धूळ तशीच. "उरलेली पण पुसा ना," मामी म्हणायची. "ती तुझी," मामा म्हणायचा.

रुपेरी गाडीचा सांगाडा उरला तो भंगारवाल्याने नेला. ती निघाली तेव्हा मामा घरी थांबला नाही, नेहमीपेक्षा लवकर दवाखान्यात गेला. त्या दिवशी त्याने केलेली कवळी एका आजोबांना इतकी घट्ट बसली की ती काढायला त्यांना परत यावं लागलं. त्याच्या हातून असं पूर्वी कधी झालं नव्हतं. मामाने ती घासून नीट केली आणि आजोबांना स्वतः बाहेरपर्यंत सोडायला गेला.

मामा आता निवृत्त झालाय. मामीबरोबर फिरतो, पाण्याचे कॅन उचलतो, पानं पुसतो. पानं पुसण्यात त्याचा हात कुणी धरणार नाही. हॉस्पिटलमधल्या रबराच्या झाडाचं प्रत्येक पान तो दोन्ही बाजूंनी पुसतो आणि तिथल्या नर्सना वाटतं, झाड प्लास्टिकचं आहे.

गेल्या महिन्यात गाडीची तपासणी होती. जुन्या गाड्यांची ती करून घ्यावी लागते. मीही बरोबर होते. तपासणारा इन्स्पेक्टर तरुण होता. त्याने कागद बघितला, गाडी बघितली, पुन्हा कागद बघितला.

"यात रंग लाल लिहिलाय."

"लालच आहे," मामा म्हणाला.

इन्स्पेक्टर गाडीभोवती फिरला. बॉनेटपाशी थांबला, दारापाशी थांबला. खिडकीच्या हँडलचा रंग बघून त्याने ते दोनदा हाताने चाचपलं. "हे काय आहे?"

"मी केलंय. टिकाऊ आहे. गरम पाण्यातही काही होत नाही."

"गरम पाण्यात?"

"साहेब, ब्रेक बघा, दिवे बघा, धूर बघा," मामी मध्ये पडली. "रंगाने काय गाडी थांबते?"

त्याने सगळं बघितलं. ब्रेक चांगले होते, दिवे चांगले होते, धूर मापात होता. त्याला ते आवडलं नसावं. शेवटी त्याने पेन काढलं, थोडा विचार केला आणि रंगाच्या रकान्यात लिहिलं, 'लाल व इतर'.

"इतर?" मामा म्हणाला. "इतर काय? नीट रुपेरी लिहा. मूळ कंपनीचा रंग आहे तो."

"अहो, चला," मामी म्हणाली. "पास झाली ना?"

मामा गाडीपर्यंत पुटपुटत आला. पुढे बसायला गेला, तर पुढच्या सीटवर वकिलांकडे न्यायचं रबराचं झाड होतं आणि मामीने त्याला बेल्ट लावून ठेवला होता. तो मागे माझ्याशेजारी येऊन बसला. गाडी निघाल्यावर पुढे वाकून त्याने एका पानावरची धूळ बोटाने पुसली आणि मामीला म्हणाला, "वळणावर जरा हळू घे. झाड आहे."